उंटिणीचा गळा

धाकटीने संहितेचा कागद स्टँडवर पालथा घातला आणि काचेपलीकडे बघत विचारलं, "आणखी एकदा घेऊ या?"

दिग्दर्शक ध्वनिमुद्रकाशी काहीतरी बोलत होता. मधला माईक बंद होता, त्यामुळे त्याचे नुसते ओठ हलताना दिसत होते. पडद्यावरच्या हलत्या ओठांत आवाज भरून धाकटीने तीस वर्षं पोट भरलं होतं. ओठ वाचायला तिला वेगळं शिकावं लागलं नव्हतं. 'उद्या दुसरीला बोलावून बघू,' असं तो म्हणत होता.

मग त्याने कळ दाबली. हेडफोनमध्ये त्याचा आवाज आला, गोड, सांभाळून घेणारा.

"बाई, छानच होतंय. पण ही अजून मला दिसत नाहीये. आवाज येतोय, उंटीण येत नाहीये."

खोटं नव्हतं ते. कार्टून सिनेमातली ती म्हातारी उंटीण सगळ्या तांड्याचं सामान वाहायची, वाटभर कुरकुरायची आणि एक बोचकंही खाली टाकायची नाही. चित्रं अजून काढायची होती. आधी आवाज, मग त्या आवाजाला शोभेल अशी उंटीण, असा इथला क्रम होता. त्यासाठी धाकटीच्या समोर एक छोटा कॅमेराही लावला होता. बोलताना तिचा चेहरा कसा होतो, मान कशी फिरते, ते चित्रकार बघणार होते. तीन दिवसांत तिने उंटिणीला खर्जात बोलायला लावलं, नाकात बोलायला लावलं, दात पडल्यासारखं बोलायला लावलं. सगळं ऐकलेलं, वापरून वापरून गुळगुळीत झालेलं. गेली दोन वर्षं तिच्या वाट्याला गर्दीतल्या बायकांची 'अय्या' आणि 'धावा धावा' तेवढी येत होती. हे काम गेलं असतं, तर पुढचं कुणी दिलं नसतं.

"पाच मिनिटं द्या," ती म्हणाली. कोमट पाणी प्यायली. डोळे मिटून उभी राहिली.

पुढचं आपल्या हातून नकळत झालं, असं तिने नंतर स्वतःला पुष्कळदा सांगून पाहिलं. पण ते तिने चांगलं जागेपणी केलं होतं. तिने मान डावीकडे कलती केली, मनगटाच्या मागच्या बाजूने हनुवटी पुसली, आणि प्रत्येक शब्दाला शेवटी जरा वर ओढत, रडवेल्या लाडिक हेलात म्हणाली, "मी काही म्हणत नाही, पण माझी पाठ म्हणजे काय माळा आहे? नको असेल ते टाका वर!"

ध्वनिमुद्रक इतका हसला की त्याचा हात कळीवरून सरकला. टेक पुन्हा घ्यावा लागला.

"कुठे होती ही बाई तीन दिवस?" बाहेर आल्यावर दिग्दर्शकाने तिचे दोन्ही हात धरले.

"होती कुठेतरी," म्हणून धाकटीने वेळ मारून नेली.

ती बाई तिच्या घरापासून दोन गल्ल्या पलीकडे राहत होती. ती तिची ताई होती.

त्यांची आई गेली तेव्हा धाकटी दीड वर्षाची होती आणि ताई चौदा. ताईने शाळा सोडली आणि धाकटीला कडेवर घेतलं, ते जवळजवळ कायमचंच. पुढे नवरा, सासू, दीर, मुलं, सून, नात, आणि शेजारणीची आजारपणंसुद्धा. कुणाला नाही म्हणणं तिच्या रक्तात नव्हतं, आणि मुकाट्याने करणंही नव्हतं. 'मी काही म्हणत नाही, पण' असं सुरू व्हायचं आणि काम संपेपर्यंत चालायचं. घरात त्याकडे कुणी लक्ष देत नसे. नळाला पाणी यावं तसा तो आवाज असायचा.

त्या दिवशी धाकटीने ताईला फोन केला नाही. रोज करायची.

वर्षभराने सिनेमा लागला तेव्हा ताईने सगळं घर गोळा करून आणलं. मुलगा, सून, सहा वर्षांची नात. धाकटीला एका बाजूला बसवून ती दुसऱ्या बाजूच्या अनोळखी बाईलाही सांगत होती, की यात आमच्या धाकटीचा आवाज आहे.

उंटीण पडद्यावर आली. चित्रकारांनी कसूर ठेवली नव्हती. मान डावीकडे कलती. पुढच्या पायाच्या गुडघ्याने हनुवटी पुसणं. तिने तोंड उघडलं आणि सगळं थिएटर खदखदलं. ताईही जराशी हसली. मग नात खुर्चीवर उभी राहून ओरडली, "आजी! अगं, ही तर तूच!"

पुढच्या दोन रांगांनी वळून पाहिलं. ताईचा हात त्या क्षणी हनुवटीकडे निघालेला होता. तो अर्ध्यावर थांबला आणि खाली मांडीवर आला. सिनेमा संपेपर्यंत तिथेच राहिला. धाकटीने पडद्याकडे पाहिलंच नाही. तिला त्या हाताखेरीज काही दिसत नव्हतं.

बाहेर आल्यावर ताई म्हणाली, "छान झालंय काम." एवढंच. शब्दाचा शेवट वर ओढला नव्हता.

सिनेमा तुफान चालला. पोरं रस्त्यातून मान कलती करून 'मी काही म्हणत नाही, पण' म्हणत फिरू लागली. एका कार्यक्रमात धाकटीला स्टेजवर बसवून विचारलं गेलं, की हा आवाज तुम्हाला सापडला तरी कुठे?

समोर माणसं वाट बघत होती. नाव घ्यायला एक क्षण पुरला असता.

"कल्पनेतून," ती म्हणाली. "कलाकाराजवळ दुसरं काय असतं?"

टाळ्या पडल्या. धाकटी नमस्कार करून खाली बसली, तेव्हा तिचे कान तापले होते.

महिन्याभराने ताईच्या सुनेचा फोन आला.

"मावशी, तुम्ही एकदा येऊन जा ना. आईंचा घसा बसलाय म्हणून डॉक्टरला दाखवलं, तर म्हणाले काहीच नाही. पण त्या बोलतच नाहीत हो. 'हं', 'नको', 'ठेव तिथे', एवढंच काय ते. चिमुरडी रोज मागे लागते, आजी उंटीण कर, उंटीण कर, म्हणून असेल का?" सुनेने आवाज खाली आणला. "घर कसं खायला उठतं. इतकी वर्षं वाटायचं, ह्या जरा गप्प बसतील तर बरं."

"येते," धाकटी म्हणाली, आणि आठ दिवस गेली नाही.

नवव्या दिवशी दिग्दर्शकाने तिला बोलावून घेतलं. सिनेमाचा दुसरा भाग निघत होता आणि यात उंटीणच नायिका होती. धाकटी टेबलाच्या कडेवर बोट फिरवत राहिली.

"मला नाही वाटत मी करीन," ती म्हणाली.

दिग्दर्शक हसला. "बाई, तुम्ही नाही म्हणालात म्हणून उंटीण मुकी होणार आहे का? तुमचा हुबेहूब आवाज काढणाऱ्या चौघी आत्तापर्यंत येऊन गेल्यात."

तुमचा आवाज. धाकटी उठली ती तशीच ताईकडे गेली.

ताई गच्चीवर वाळलेल्या चादरी काढत होती. धाकटीला बघून तिने काही न बोलता चादरीची दोन टोकं पुढे केली. धाकटीने ती धरली. दोघी मागे सरकल्या, चादर ताणली, घडी घालायला जवळ आल्या.

"ताई, मला तुझ्याशी बोलायचंय."

"बोल."

"ती उंटीण..." धाकटीच्या हातातलं टोक सैल झालं. "ते काम जात होतं गं हातचं. मला काही सुचेना. मी तुझा..."

"मला पहिल्या वाक्याला कळलं," ताई म्हणाली. आवाज सपाट होता, परक्या बाईचा असावा तसा. "धर नीट. कोपरा सुटतोय."

"मग मला चार शिव्या घाल ना. अशी गप्प राहू नकोस. मला मेल्याहून मेल्यासारखं होतंय."

"हसले लोक, हसू देत. मी कुरकुरते, हे काय मला ठाऊक नाही?" ताईने घडी कठड्यावर ठेवली आणि तिच्यावरून हात फिरवत राहिली. "पण तू म्हणालीस ना, कल्पनेतून. सूनबाईने फोनवर दाखवलं मला. ते लागलं."

"तुझं नाव घ्यायची लाज वाटली. म्हणजे तुझी नाही, माझीच."

"माझं नाव कशाला?" ताईने पहिल्यांदा तिच्याकडे पाहिलं. "कल्पनेतून कशी गं? चांगली जितीजागती बाई होती ती."

धाकटीला अर्थ लागला नाही. "कोण?"

"आई."

खालच्या रस्त्यावर कुणीतरी गाडीचं दार लावलं.

"आई गेल्यावर तू चार दिवस तोंडात काही घेतलं नाहीस. आत्याने भरवून बघितलं, शेजारच्यांनी बघितलं, तू आपली तोंड फिरवायचीस. पाचव्या दिवशी मी तिच्यासारखी बोलले. असंच, शेवटाला ओढून. तू मान वळवून बघितलंस आणि आ केलास." ताई पुढची चादर काढायला वळली. "मग काय, रोजच बोलावं लागलं. पुढे पुढे गळ्यातच बसलं ते. माझा आवाज कसा होता, मला नाही आठवत. मान कलती करते ना, ती मात्र माझी. या कानाने कमी ऐकू येतं."

धाकटीच्या हातात चादरीचं टोक तसंच राहिलं. घरात आईचा एक फोटो होता, कुणाच्या तरी लग्नातला, घोळक्यात मागे उभी असलेली. आईचं म्हणून जगात तेवढंच उरलंय, असं ती आजवर धरून चालली होती. आणि जे उरलं होतं, त्यावर तिने थिएटरं भरभरून माणसं हसवली होती.

"सांगितलं का नाहीस कधी?"

"काय सांगायचं? तू जेवत होतीस ना."

धाकटी कठड्यापाशी बसली. तिने दुसऱ्या भागाचं सांगितलं, त्या चौघींचंही. मान वर न करता.

ताईने हातातली चादर कठड्यावर टाकली. मग तिच्याजवळ येऊन बसली.

"तूच कर," ती म्हणाली. "त्या चौघींना काय माहीत? पण एक चुकतं तुझं. आई वाक्य संपलं की जरा थांबायची. कुणी हो म्हणतंय का, बघायची. तू थांबत नाहीस, एकातून दुसऱ्यात जातेस, म्हणून ती नुसती रडकी वाटते."

"मला नाही कळत. म्हणून दाखव."

"आता कुठे येतंय."

"ताई."

ताईने जिन्याकडे पाहिलं. नात शाळेतून यायला अवकाश होता. तिने पदराने तोंड पुसलं, घसा साफ केला. दोन महिन्यांत न लावलेला सूर पहिल्यांदा घोगरा निघाला, मग सापडला.

"एवढा एक घास घे गं राणी. मग नाही मागे लागायची."

आणि थांबली.

समोरच्या तारेवर उरलेल्या दोन चादरी वाऱ्याने हलत होत्या. ताई तिच्याकडे बघत होती, भुवया किंचित वर करून, उत्तराची वाट बघणाऱ्या माणसासारखी. धाकटीने तोंड उघडलं. शेकडो बायकांचे, पोरांचे, पशुपक्ष्यांचे आवाज काढलेल्या तिला, साधं 'हो' कुठल्या आवाजात म्हणायचं, ते कळेना.