डोव्हीचं गाणं

नेव्हिलने चौथ्यांदा माइकची उंची बदलली. ती मुळात बरोबरच होती.

"अरे, बस की एका जागी," ड्रमवाला टर्नबुल वैतागला. "बाळंतिणीच्या नवऱ्यासारखा काय येरझाऱ्या घालतोस?"

इंग्लंडमधल्या शेफील्डच्या त्या सभागृहात संध्याकाळी अमोस प्रुइट गाणार होते आणि साथीला नेव्हिलचा बँड. प्रुइट अमेरिकेतल्या मिसिसिपीचे. त्यांची एक जुनी, चरे पडलेली रेकॉर्ड झिजवून ही पोरं ब्लूज, म्हणजे तिकडच्या काळ्या लोकांची दुःखाची गाणी, शिकली. त्यातलंच 'डोरी' त्यांनी विजेच्या गिटारींवर दणक्यात वाजवलं आणि दोन महिन्यांत ते देशभर पोराटोरांच्या तोंडी बसलं. आता ज्याचं गाणं, तो माणूसच समोर येणार म्हटल्यावर नेव्हिल सकाळपासून नुसता घिरट्या घालत होता.

प्रुइट आले. कोट न काढताच खुर्चीवर टेकले, गिटार सुरात लावली आणि तेच गाणं धरलं. नेव्हिलने आवाज मिसळला, तसे ते थांबले.

"ही डोरी कोण?"

"गाण्यातली... तुमचीच," नेव्हिल चाचरला.

"माझी डोव्ही. बायको होती. सत्तावीस सालच्या पुरात गेली."

नेव्हिलला मेल्याहून मेल्यासारखं झालं. शंभरदा ऐकूनही रेकॉर्डच्या खरखरीत नाव चुकीचंच ऐकू आलं होतं, आणि त्याने ते गावोगाव नेलं होतं.

"माफ करा, मिस्टर प्रुइट. आज बरोबर म्हणतो."

म्हाताऱ्याने गाणं पुन्हा पहिल्यापासून धरलं.

संध्याकाळी सभागृह खच्चून भरलं. गाणं सुरू झालं. नेव्हिलने जीव ओतून म्हटलं, "डोव्ही!"

"अगं, हा चुकला!" पुढच्या रांगेतली एक मुलगी खिदळली.

"डोरी रे, डोरी!" मागून कुणीतरी ओरडलं, आणि बघता बघता अख्खं सभागृह तेच नाव गाऊ लागलं.

नेव्हिल हट्टाला पेटला. पुढच्या कडव्याला तो आणखी मोठ्याने "डोव्ही" म्हणाला. लोकांनी हुर्यो उडवली. त्याने कासावीस होऊन प्रुइटांकडे पाहिलं.

ते गर्दीकडे बघत होते. चाळीस वर्षांत एवढी माणसं त्यांच्याबरोबर कधी गायली नव्हती. ते माइककडे झुकले आणि लोकांच्या आवाजात आवाज मिसळून गाऊ लागले, "डोरी..."

नेव्हिल गायचा थांबला.

कडवं संपलं. प्रुइटांनी माइकपासून तोंड फिरवलं आणि ते त्याच्या कानाशी लागले.

"थांबलास का, पोरा? तू डोव्हीच म्हण. मला ऐकू येतंय."