गाळलेलं कडवं

शाल मला नको होती असं मुळीच नाही. चौऱ्याहत्तराव्या वर्षी, डिसेंबरच्या थंडीत, शाल कोणाला नको असते? पण आमचे तरुण पाळकसाहेब चर्चच्या मंडळीतल्या चारजणांना घेऊन घरी आले आणि म्हणाले, "सिस्टर, यंदा नाताळच्या उपासनेनंतर तुमचा सत्कार ठेवलाय, तुमच्या गाण्यासाठी," तेव्हा हातातला ट्रे मी असा आदळला की दोन कप चहा सांडला.

"कोणतं गाणं?" मी विचारलं. माहीत असून विचारलं.

"कोणतं म्हणजे? 'दाई कोण होती'! आता तर पुण्या-मुंबईचे लोकही म्हणून राह्यले."

ते गाणं माझं नाही. ही गोष्ट जगात दोनच माणसांना ठाऊक होती. एक मी आणि दुसरी जैनबबी. पाळकसाहेबांना तेव्हाच सांगून टाकायला हवं होतं. मी फडकं आणलं आणि चहा पुसला.

माझं नाव प्रेमला शिरसाट, पण ते फक्त आधार कार्डावर. दिग्रसमध्ये मला सगळे सिस्टरच म्हणतात. मिशनच्या दवाखान्यात मी तेहतीस वर्षं बाळंतपणं केली. म्हणजे रजिस्टरमध्ये सही माझी असायची. निम्मी बाळंतपणं केली ती जैनबबीनं. कागदावर ती आया होती. झाडू मारणं, पाणी तापवणं, कपडे उकळणं एवढंच तिचं काम. पण तिची सासू दाई होती आणि सासूचा हात तिला मिळाला होता. बाई फार ओरडायला लागली की जैनबबी तिच्या कमरेवर नुसता तळवा ठेवायची, आणि बाई शांत व्हायची. डॉक्टरीणबाईसुद्धा अशा वेळी बाजूला सरून तिला जागा द्यायच्या.

तर ते साल अठ्ठ्याहत्तर. नाताळ आठ दिवसांवर आला होता आणि दुपारी दवाखान्याच्या आवारात शिकाऊ पोरी ख्रिस्तजन्माचं नाटक बसवत होत्या. चादरी गुंडाळलेले तीन राजे, कोळशानं मिशा काढलेला योसेफ आणि एक खरी बकरी, जी मरीयेचा पदर खात होती. जैनबबी पायरीवर बसून धुतलेल्या पट्ट्या गुंडाळत होती. बाळ गव्हाणीत ठेवलं गेलं, पोरी गायला लागणार, तेवढ्यात ती मोठ्यानं म्हणाली, "अन् दाई कुठी हाय?"

पोरी फिदीफिदी हसल्या. मी म्हटलं, "जैनबबी, पुस्तकात दाई नाहीये."

"पुस्तकात नसन. पन पहिलटकरीन, परका गाव, वरतून थंडी. नाळ का त्या योसेफनं कापली? हात पाहा त्याचे, सुताराचे!"

"तुमच्यात तरी दाई आहे का?" मी जरा फणकाऱ्यानंच विचारलं.

"आमच्यात तं मरियम एकटीच होती, खजुराच्या झाडाखाली. कोनी नोतं, म्हनून अल्लानंच तिले खजूर देल्ली. पन तुमच्यात तं पुरा गाव हाय, सराय हाय, मेंढरंवाले हाय, राजे हाय. अन् एक बाई नाई निंगाली घरातून?"

कोणी हसलं नाही. मी पोरींवरच ओरडले की बकरी बाहेर बांधा.

दुसऱ्या दिवशी मी लेबर रूममागच्या चुलीपाशी गेले, तर जैनबबी पाणी तापवता तापवता गुणगुणत होती. जात्यावरच्या ओवीसारखी चाल, पण शब्द नवेच होते. खिशात तापाचा तक्ता होता; त्याच्या पाठीवर मी पटापट उतरून घेतलं.

*दाई कोण होती वो माय, बेथलेमाच्या गावी?*
*पाणी कोण तापवे, कोण दिवा लावी?*

*खारीक कोण कुटे, कोण शेगडी फुंकी?*
*मरीयेची पाठ कोण हळूहळू शेकी?*

*राजे आले सोनं घेऊन, मेंढपाळ मेंढरं,*
*कोणी नाही आणलं माय, बाळाले अंगडं.*

आणि मग शेवटचं:

*हात धुतले दाईनं, वाट धरली घरची,*
*कोणी नाही पुसलं माय, कोणाची तू, कुठची.*

मी म्हटलं, "हे शेवटचं जमत नाही गं. नाताळचं गाणं असं उदास कसं संपवायचं? शेवटी देवाचं नाव पाहिजे." तिनं चुलीतलं लाकूड पुढे सारलं. मी ते कडवं गाळलं आणि त्या जागी माझं घातलं: धन्य मरीया, धन्य तिचं बाळ, आकाशात वाजती मृदंग आणि टाळ. गाण्यातलं तेवढं एकच कडवं माझं आहे आणि सगळ्यात भिकार तेच आहे.

त्या नाताळात पोरींनी ते गाणं म्हटलं. अंगड्याच्या ओळीला बायका खळखळून हसल्या आणि हसता हसता मागच्या रांगेतल्या दोघी-तिघी डोळे पुसायला लागल्या. पुढच्या वर्षी न सांगता फर्माईश झाली. मग ते गाणं दवाखान्याबाहेर पडलं. बाळंतिणी घरी जाताना बाळासोबत तेही न्यायला लागल्या. फुलसावंगीच्या बारशात ते म्हटलं गेलं, विहारात जमणाऱ्या बायकांनी म्हटलं, इकबालच्या बॅण्डनं हळदीला त्याची चाल वाजवली. तीन वर्षांपूर्वी धम्मदीप नावाच्या डीजेवाल्या पोरानं चर्चच्या मुलींकडून गाऊन घेऊन ते मोबाइलवर टाकलं, आणि आता ते एप्रिलच्या उन्हातही वाजतं. लोक मला विचारतात, एवढं काय आहे त्या गाण्यात? राजांना वाट दाखवणारा आकाशातला तो तारा आपल्यापैकी कोणी पाहिलेला नाही, पण पाणी तापवणारी बाई प्रत्येकीनं पाहिलेली असते. एवढंच आहे.

ब्याऐंशी साली मंडळीनं स्मरणिका काढली. त्यात गाणं छापलं आणि खाली लिहिलं: रचना, सिस्टर प्रेमला शिरसाट. मी कोणाला सांगितलं नव्हतं की माझं आहे, पण नाही म्हणूनही सांगितलं नव्हतं. तेव्हा आई माझ्याकडे राहायला आली होती. तिनं ती स्मरणिका उशीखाली ठेवली आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवली. आईसमोर कसं बोलू म्हणून मी गप्प बसले. पुढे आई गेली, तरी मी गप्पच. जैनबबीला वाचता येत नव्हतं, याचा मला आधार वाटायचा. याहून वाईट गोष्ट मी आयुष्यात दुसरी केलेली नाही.

मग बाळंतपणाचा वॉर्ड बंद झाला. जैनबबी सासरच्या गावी, बोरी अरबला, मुलाकडे गेली. अकरा वर्षांत मी एकदाही तिला भेटायला गेले नाही. गुडघे दुखतात, असं सांगायचे. गुडघे दुखतातच, पण ते कारण नव्हतं.

पाळकसाहेब गेल्यावर दोन रात्री मी तळमळले. तिसऱ्या दिवशी सकाळी यवतमाळच्या एस.टी.त बसले आणि दारव्ह्याच्या पुढे, बोरी अरबला उतरले.

घर सापडायला वेळ लागला नाही; दाईचं घर गावात कोणीही दाखवतं. अंगणात एक तरुण पोरगी मांडीवर तान्हं घेऊन बसली होती आणि त्याला थोपटत गात होती, *राजे आले सोनं घेऊन*. मी अंगणाच्या कडेलाच थांबले. ती जैनबबीची नात, अतिया, पहिल्या बाळंतपणाला माहेरी आलेली.

"छान म्हणतेस. कोणाचं गाणं आहे गं?" मी विचारलं.

"दिग्रसच्या सिस्टरचं. दादीच सांगते."

उन्हात खाटेवर जैनबबी बसली होती. फार वाळली होती. डोळ्यांत मोतीबिंदू. पण हात तसेच, रुंद तळव्यांचे. मी काही बोलायच्या आधीच म्हणाली, "चपला घासत चालनं काई गेलं नाई तुमचं, सिस्टर."

मी खाटेवर तिच्याशेजारी बसले. मनात सगळं नीट जुळवून आणलं होतं, पण तोंडातून भलतंच निघालं. "जैनबबी, तुला माहीत होतं?"

"काय?"

"स्मरणिकेत माझं नाव छापलं ते."

"मले वाचता येत नाई, पन ऐकता तं येते. त्याच दिवशी ऐकलं." ती हसली. "मले राग नाई आला. हजार गानी म्हनली म्या चुलीपाशी. राह्यलं कोनतं? जे तुमी लिवलं ते. म्हनून मीच सांगतो सगळ्याईले, सिस्टरचं हाय."

हे ऐकून मला बरं वाटायला हवं होतं. मी रडायला लागले. अतिया घाबरून पाणी घेऊन आली. जैनबबीनं माझ्या कमरेवर तळवा ठेवला, तसाच, आणि मला रडू दिलं.

थोड्या वेळानं तिनं हात काढला. "पन एक गोष्ट इचारू? माझं शेवटचं काहून काढलं?"

"मला वाटलं... देवाचं नाव पाहिजे शेवटी."

"नाव नाई छापलं त्याचं मले काई नाई वाटलं. पन त्या कडव्यात मी होती, सिस्टर. माझी सासू होती. कडवं गेलं अन् आमी दोघी बी गेलो. दर साली ऐकतो, अन् दर साली वाटते, आता येइन, आता येइन. येत नाई." आणि मग लहान मुलाला विचारावं तसं तिनं विचारलं, "तुमाले तरी याद हाय का?"

सेहेचाळीस वर्षांत मी ते कडवं एकदाही तोंडातून काढलं नव्हतं. खाटेवर बसल्या बसल्या पहिल्या शब्दापासून शेवटच्यापर्यंत म्हणून दाखवलं. जैनबबीनं ओढणी डोळ्यांवर ओढून घेतली. अतिया एकदा दादीकडे, एकदा माझ्याकडे बघत राहिली, आणि मग तिला सगळं कळलं.

"दादी! तू केलं हे गानं? अन् मले कधी सांगतलं नाई?"

"तू कधी इचारलं?" जैनबबी म्हणाली.

मी निघताना तिनं बजावलं, "शाल घ्याची बरं. नाई नका म्हनू. फकत कडवं म्हना." मी म्हटलं, तू समोर असशील तरच म्हणेन. ती म्हणाली, ह्या गुडघ्यांनी? मी म्हटलं, गुडघ्यांची सबब मला सांगू नकोस, ती मी अकरा वर्षं वापरली आहे.

नाताळच्या सकाळी चर्च खचाखच भरलं होतं. अतियाचा नवरा आसिम आपल्या गाडीतून जैनबबीला घेऊन आला. त्यानं आणि अतियानं धरून तिला बायकांच्या बाजूला, कडेच्या खुर्चीवर बसवलं. पांढरी ओढणी घेतलेली ही म्हातारी कोण, म्हणून दोघी-तिघींनी मान वळवून पाहिलं. एवढंच.

उपासना झाली. मुलींनी गाणं म्हटलं. अंगड्यावर लोक हसले, टाळ आणि मृदंग वाजले, टाळ्या पडल्या. धम्मदीप मोबाइल धरून शूटिंग करत होता. पाळकसाहेबांनी माझ्या खांद्यावर शाल घातली, नारळ हातात दिला आणि दोन शब्द बोला म्हणाले.

माइक हातात आला. दवाखान्यात केलेल्या पहिल्या बाळंतपणालाही मी इतकी घाबरले नव्हते.

"हे गाणं माझं नाही," मी म्हणाले. "शेवटचं टाळ-मृदंगाचं कडवं तेवढं माझं. ते मी खरं कडवं काढून टाकून त्या जागी घातलं. सेहेचाळीस वर्षं मी हे लपवलं. देवानं मला माफ करावं, आणि तुम्हीही."

पाळकसाहेबांचा चेहरा पाहण्यासारखा झाला असणार, पण मी पाहिला नाही. मी गायला लागले. म्हातारीचा आवाज, तोही कापरा.

*हात धुतले दाईनं, वाट धरली घरची,*
*कोणी नाही पुसलं माय, कोणाची तू, कुठची.*

दुसऱ्यांदा म्हटलं तेव्हा मागच्या रांगेतून एका बाईनं सूर धरला. मग शेजारच्या बाईनं. मी गात गातच पायरी उतरले. पुढच्या रांगा ओलांडून बायकांच्या बाजूला, कडेच्या खुर्चीपाशी गेले. खांद्यावरची शाल काढून जैनबबीच्या खांद्यावर घातली. ती कुरकुरली, "सिस्टर, मी तं घ्या म्हनलं होतं तुमाले."

"गप बस," मी म्हटलं, आणि माइक तिच्या तोंडासमोर धरला. जे अठ्ठ्याहत्तर साली चुलीपाशी विचारायला हवं होतं, ते विचारलं.

"कोणाची तू? कुठची?"

तिनं एकदा माइककडे पाहिलं, एकदा सगळ्या बायकांकडे. त्यांतल्या कितीतरी तिच्याच हातांवर जन्मल्या होत्या. मग तिनं ओढणी सारखी केली आणि ताठ बसली.

"मी जैनबबी," ती म्हणाली. "मदिनाबी दाईची सून. बोरी अरबची."