बाबांभोवतीचा पडदा

मी पडदा बोलतोय. हसू नका. बोलणं हे माझं काम नव्हे, आवाज गिळणं हे माझं काम. आणि ते मी इतकं चोख केलं, की आता मान वर करायची सोय राहिली नाही.

आमच्या जगात काळ आवाजावर चालतो. भांडी वाजली, दारं आपटली, माणसं भांडली की तो पुढे सरकतो. म्हणून भांडकुदळ घरांतली माणसं लवकर पिकतात. आणि जिथे जराही आवाज नाही, तिथे काळ जागच्या जागी थांबतो.

मी लोकरीचा. एका कारागीर बाईने मला भिजवून, कुटून, थरावर थर चढवून बनवलं. माझ्याआड घंटा बडवून पाहिली, तर बाहेर काही ऐकू येईना. "हा माणसाच्या छातीतली धडधडसुद्धा गिळेल," ती म्हणाली. तेव्हा मी केवढा फुगलो होतो!

मग मी एका सुताराच्या घरी आलो. त्याला जीवघेणा ताप होता आणि त्यावरचं औषध अजून निघायचं होतं. अशा माणसाला आमच्याकडे औषध येईपर्यंत पडद्यात ठेवतात. मुलाने मला खाटेभोवती चारी बाजूंनी ओढलं. सुतार हसत म्हणाला, "तुझ्या आईला म्हणावं, वाट बघत..." आणि मी बंद झालो. पुढचे शब्द त्याच्या ओठांवरच राहिले.

आई रोज माझ्याजवळ येऊन बसायची. मला कसर लागली की आपल्या निळ्या शालीचा धागा काढून रफू करायची.

एके दिवशी औषध आलं. आई म्हणाली, "आधी पडदा काढ रे."

"चार दिवस थांब ना आई. घराला रंग देऊ, मग बाबांना दाखवू."

रंगानंतर छपराची डागडुजी निघाली, छपरानंतर कुणाच्या तरी कपाटांचं काम. भिजत घोंगडं म्हणतात ते हेच. आणि त्या चार दिवसांच्या पोटातच एका सकाळी आई गेली. घरात रडारड झाली. तीही मी गिळली. आत सुतार हसतच होता.

त्यानंतर मुलाने मला हात लावला नाही. कोणत्या तोंडाने सांगणार? माझ्याजवळून जाताना तो नजर चोरायचा. मला डोळे असते तर मीही चोरली असती. आपण आपलं काम करतोय, अशी मी स्वतःची समजूत घालायचो, पण लाज काही जाईना.

वर्षं गेली. मुलगा बापापेक्षा म्हातारा झाला. आज तो खोकत बसला होता, तेव्हा त्याची बायको म्हणाली, "अहो, उद्या तुम्ही गेलात तर पडद्यातल्या मामंजींना मी काय सांगू? तुम्हाला एक मुलगा होता म्हणून?"

तो उठला. त्याने मला बाजूला सारलं. कड्या खणखणल्या.

"...बसू नकोस," सुतार म्हणाला. मग समोर बघून सावरून बसला. "अहो काका, माझा मुलगा आत्ता इथेच उभा होता. कुठे गेला?"

म्हाताऱ्याने औषध पुढे केलं. सुताराने ते घेतलं. "तुम्ही वैद्य का?"

"बाबा," म्हातारा म्हणाला.

सुतार बघतच राहिला. मग त्याने हात लांब करून म्हाताऱ्याच्या हनुवटीवरची लहानपणच्या जखमेची खूण चाचपली. "केवढा झालास रे!" तो म्हणाला. कितीतरी वेळ त्याने ते बोट काढलंच नाही. मग त्याची नजर माझ्याकडे वळली, निळ्या धाग्यांवर थांबली.

"हे रफू हिच्या हातचं. कुठे आहे ती? बोलाव की."

आता खोलीत फक्त श्वासांचा आवाज आहे. तेवढ्यावर काळ कसाबसा सरकतोय. मुलाचा हात माझ्या कडेकडे येतोय. मला पुन्हा ओढून घ्यावं, एवढंच त्याला सुचतंय.

सोड रे मला. आजवर तुझी लाज झाकता झाकता मीही तिच्यात बुडालो. त्यांना तुझ्या तोंडाने सांग. रडलास तरी चालेल. मी आता काही गिळणार नाही.