हूकवाला धर्मा

"वाळवण उचला, कोंबड्या डालग्याखाली घाला, पत्र्यावर दगड ठेवा. एका हेलिकॉप्टरपायी लग्नघराएवढी धावपळ," शेजारची किशोरी कुंपणापलीकडे पुटपुटली. मग वर बघून म्हणाली, "धर्मादादा, कधी येतंय वो ते?"

धर्मा पत्र्यावर दगड रचत होता. त्याने नुसती मान हलवली आणि हसला.

"कधी येतंय म्हणून इचारतेय किशोरी," जनी खालून नवऱ्याकडे तोंड करून म्हणाली.

"येल. ऊन चढायच्या आत."

कितीतरी वर्षं हे असंच चाललं होतं. कोणी काही विचारलं की जनी तेच आपल्या वाक्यात गुंडाळून पुन्हा म्हणायची, आणि तो तिच्या ओठांवरून उचलून उत्तर द्यायचा. सगळ्या वाडीला ठाऊक होतं, पण बोलायचं कोणी नाही. फौजेत असताना धर्माने उमेदीची वर्षं हेलिकॉप्टरच्या पोटाखाली उभं राहून हुकाला ओझी अडकवण्यात घालवली. पेन्शन घरी घेऊन आला, कान तिकडेच ठेवून आला, असं जनी म्हणायची. मनातल्या मनात.

तळ्याजवळच्या डोंगरावर विजेचे मनोरे उभे करायचे होते आणि वर जायला रस्ता नव्हता, म्हणून त्यांचे भाग हेलिकॉप्टरने न्यायचं ठरलं. कंत्राटदाराचा हूकवाला तापाने आडवा झाला, तेव्हा कोणीतरी धर्माचं नाव सुचवलं. मुकादम विनेश काल घरी येऊन गेला. त्याचा प्रत्येक प्रश्न जनीने पुन्हा विचारला आणि वर चहा पाजला. त्याला काही कळलं नाही. तेव्हापासून तिला घास गोड लागत नव्हता.

हेलिकॉप्टर भात कापलेल्या खाचरात उतरलं. मूळचं फौजेच्या जातीचंच, पण आता मुलकी: आतली बाकं काढलेली, बंदुकीची जागा पत्र्याने बुजवलेली, अंगाला नारिंगी रंग. पाती थांबल्यावर धर्माने त्याच्या पोटावरून हात फिरवला.

"कापडं बदलली गं, जने. अंगलट तीच हाय."

इतका उजळलेला चेहरा तिने त्याच्या निवृत्तीनंतर पाहिला नव्हता.

विनेशने त्याच्या डोक्यावर वायरलेसचं हेल्मेट चढवलं. "काका, धुरळ्यात हाताच्या खुणा दिसणार नाहीत, ना तुमच्या ना पायलटच्या. ओझं हेलकावलं आणि तो कानात 'पळा' म्हणाला की दोघांनी पळायचं." दुसरा होता किशोरीचा नवरा चांगदेव. तो दोर धरून धर्माशेजारी उभा होता, धर्मा सांगेल तसं करायला.

विनेश लांब उभ्या असलेल्या जनीपाशी येऊन वॉकीटॉकीत बोलला, "काका, ऐकू येत असेल तर उजवा हात वर करा."

धर्माने मान हलवली.

"हात, काका. उजवा."

धर्मा हसला आणि त्याने सवयीने जनीकडे बघितलं.

तिचा उजवा हात पदराखाली अर्धा उचलला गेला होता. एवढं केलं असतं तर भागलं असतं. पण थोड्या वेळाने त्या घोंघावत्या पात्यांखाली पुन्हा सांगायला कोण असणार होतं? तिने हात खाली घेतला आणि ओठ मिटून ती नवऱ्याकडे बघत राहिली.

तो वाट बघत राहिला. मग त्याने चांगदेवकडे बघितलं. हेल्मेट काढलं, काखेत धरलं आणि खाचर तुडवत तो विनेशसमोर येऊन उभा राहिला.

"साहेब," तो म्हणाला, "मला ऐकू येत न्हाय."