पाठीवरची ओळ

मीच बोलतोय, प्लास्टिकच्या आतून. आवाज जरा दबका येईल, सांभाळून घ्या. मी डॉ. धम्मदीपा खोब्रागडे यांचा रजिस्ट्रेशनचा कागद. एमबीबीएस होऊनही माझ्यावाचून पेशंटला औषध लिहून देता येत नाही, एवढा माझा मान! हसू नका. सध्या जर्मनीत, एर्लांगेनमध्ये कपाटाच्या खणात, वॉशिंग मशीनच्या गॅरंटी कार्डाखाली पडलोय, म्हणून जुना रुबाब सांगून घेतो झालं.

माझा जन्म मुंबईतल्या मेडिकल कौन्सिलच्या कचेरीतला, १९९८ चा. समोर दीपाचं नाव, फोटो, नंबर आणि गोल शिक्का. पाठीवर चार रिकाम्या चौकटी. दर पाच वर्षांनी नूतनीकरण झालं की एकेका चौकटीत शिक्का बसणार, अशी सोय. चौकटींच्या खाली बारीक इंग्रजीत एक ओळ. ती ओळ लक्षात असू द्या.

बल्लारपूरला दीपाच्या वडिलांनी, रामदासबाबांनी, मला साबणानं हात धुऊन मगच हातात घेतलं. ते कागद कारखान्यात कटिंग मशीनवर होते. "चांगला जाड आहे," एवढंच म्हणाले आणि डोळे पुसू लागले. अख्ख्या खानदानातली पहिली डॉक्टर! मग मला घेऊन ते वस्तीभर फिरले. तिसऱ्याच घरी कोणीतरी माझ्या शेजारी चहाचा कप टेकवला आणि बाबांनी मला झटकन उचलून छातीशी धरलं.

दुसऱ्या दिवशी आम्ही तिघं बसस्टँडजवळच्या झेरॉक्सच्या दुकानात. "कागदाचे दोन दुश्मन, पाणी अन् वाळवी," बाबा दुकानदाराला सांगत होते. "लॅमिनेशन करून द्या. जाडवालं."

तेव्हा दीपानं मला उलटं केलं आणि ती ओळ वाचली. मी पाहिलं ना, तिचे ओठ हलले.

"बाबा..."

बाबांनी वळून पाहिलं. चेहरा असा फुललेला, की तिची जीभच उचलली नाही. "काही नाही," ती म्हणाली. "आत हवा राहू देऊ नका म्हणा."

मी गरम रोलरमधून गेलो. "याले आता काई होत नाई," बाबा म्हणाले.

२००१ मध्ये लग्न होऊन दीपा विपुलबरोबर एर्लांगेनला आली. तो इथं इंजिनिअर. मी तिच्या हँडबॅगेतून आलो, सामानात नाही. दोन वर्षं तिनं सायकलवरून जाऊन जर्मनचे वर्ग केले, परीक्षा दिल्या, 'या, गेनाऊ' म्हणजे 'हो, बरोबर' करत एका हॉस्पिटलात बिनपगारी उमेदवारी केली. तिथल्या विभागप्रमुख फ्राऊ डॉक्टर लेनर तिच्यावर खूश झाल्या. १ ऑक्टोबर २००३ पासून जागा देतो म्हणाल्या. अट एकच, इथल्या बेहोर्डेकडून, म्हणजे सरकारी कचेरीकडून, काम करायची परवानगी. त्यासाठी मूळ रजिस्ट्रेशन हवं, आणि ते चालू हवं. माझी पाच वर्षं नेमकी त्याच जुलैत संपत होती.

दीपानं मला कुरिअरनं मुंबईला, वसुधा नावाच्या मैत्रिणीकडे पाठवलं. वसुधा मला कौन्सिलच्या खिडकीशी घेऊन गेली. तिथल्या बाईंनी माझ्या पाठीवर नखानं टकटक केलं. "शिक्का कुठं मारू, प्लास्टिकवर?" आणि त्या ओळीवर बोट ठेवलं. 'हे प्रमाणपत्र लॅमिनेट करू नये.' बाईंचं काही चुकलं नाही. डुप्लिकेट मिळेल म्हणाल्या, पण डॉक्टरांनी स्वतः यायला हवं.

स्वतः कशी जाणार? तिचा पासपोर्ट व्हिसा वाढवायला बेहोर्डेतच अडकलेला. मी तसाच परत आलो.

मग त्या दोघांनी मला स्वयंपाकघरातल्या टेबलावर आडवं केलं. गरम केलं की प्लास्टिक सुटतं, असं विपुलनं कुठंतरी वाचलं होतं.

"विपुल, हळू हं!"

"आल्झो, हे बघ, एकदम मंद ठेवलीय इस्त्री."

कोपरा सुटला खरा, पण करपून. दुसऱ्या खेपेला प्लास्टिकबरोबर माझा गोल शिक्काच अर्धा उचलून आला. "थांब, थांब रे!" दीपा ओरडली आणि रक्त थांबवावं तसा तळहात दाबून धरला. किती वेळ तरी उचलला नाही.

ऑक्टोबरात फ्राऊ लेनरांचा फोन आला, जागा दुसऱ्याला दिली म्हणून. दीपा फोनवर छान हसून बोलली. फोन ठेवला आणि तिथंच फरशीवर बसून ढसाढसा रडली.

पुढच्या वर्षी जाऊन डुप्लिकेट काढू, असं ठरलं. पुढच्या वर्षी मुलगी झाली, मैत्री. मग मैत्री लहान होती, मग विपुलची बदली होणार होती, ती झालीच नाही. एक दिवस दीपाचं नाव कौन्सिलच्या यादीतून गेलं. आता ती हॉस्पिटलच्या मशीनांची माहितीपुस्तकं तपासते. सूचना ठळक अक्षरांत आहेत ना, ते बघते.

२००८ मध्ये रिटायर झालेले बाबा तीन महिने राहायला आले. नात बोलायची जर्मन, आजोबा बल्लारपुरी, तरी दोघांची गट्टी. दीपा नोकरीला जाते, म्हणजे डॉक्टरकीलाच जाते, असं ते धरून चाललेले. एका रविवारी म्हणाले, "बाई, तो कागद दाखव ना. मैत्रीले दाखवतो."

दीपानं मला खणातून काढलं. बाबा हात धुऊन आले.

"कोपरा काहून काळा झाला?"

"इस्त्रीजवळ राहिला, बाबा."

मग त्यांनी, दहा वर्षांत पहिल्यांदाच, मला उलटं केलं. त्यांना इंग्रजी येत नव्हतं. अंगठा बरोबर त्या ओळीवर. "अन् हे काय लिहून आहे बारीक?"

मी मनात म्हटलं, पोरी, आता तरी सांग. विपुल मान खाली घालून बसला होता. दीपानं ओळीकडे पाहिलं, मग बाबांच्या चेहऱ्याकडे. तोच चेहरा, फक्त म्हातारा झालेला.

"जपून ठेवावा, असं लिहिलंय बाबा."

"मंग?" बाबा खुलले. "ठेवलाच ना आपण!"

त्यांनी शर्टाच्या बाहीनं मला पुसलं आणि स्वतः खणात ठेवलं. पुढं त्या चौकटींत एकही शिक्का बसला नाही.

मी कोणाला दोष देत नाही. कोणाला देऊ? पण तुमच्या घरी असा एखादा कागद आला, तर त्याची पाठही वाचा. आणि वाचलीत, तर मोठ्यानं वाचा हो. समोरच्याचा चेहरा कितीही फुललेला असू दे.