ललिता कोणाच्या घरची

नागपूरच्या मेडिकल कॉलेजात ललिताला जागा मिळाल्याचं कळलं, तेव्हा तिच्या आईनं, सुंदराबाईनं, वस्तीत घरोघर गूळ वाटला. तिचे वडील श्रावण गुरुजी अकोल्याजवळच्या एका गावी मास्तर होते, शिक्षकांच्या सहकारी बँकेचे जुने सभासद. सभासदावर अवलंबून असलेल्या मुलांना वरच्या शिक्षणासाठी कर्ज द्यायचं, असा ठराव बँकेनं नुकताच केला होता. त्यामुळे पोरीच्या खर्चाचा घोर कोणाला नव्हता.

बँकेनं अर्ज फेटाळला. मुलगी विवाहित आहे, म्हणजे नवऱ्यावर अवलंबून, बापावर नव्हे.

ते खरंही होतं आणि खोटंही. आजोबांच्या हट्टापायी ललिताचं लग्न फार लहानपणी मोर्शीच्या देवमनशी लावून दिलं होतं. सासूनं तिची पुस्तकं चुलीत घातली, त्या दिवशी ती एकटी एसटीत बसून माहेरी आली. तिला न्यायला कोणी आलं नाही आणि तिनंही वाट पाहिली नाही. ती शिकत राहिली.

बापलेक अकोल्याच्या भगवंतराव वकिलांकडे गेले. त्यांनी कागद वाचून चष्मा काढला.

"सोपं आहे, गुरुजी. जावयाची सही आणा. नवरा जामीन राहिला की बँकेला बोलायला जागा नाही."

गुरुजींचा चेहरा उजळला. ललिता मात्र म्हणाली, "मी त्याईच्याकडे सही मांगाले जाणार नाई."

"अवं, एका सहीनं काय बिघडते, बाई?"

"बाबा, आज कर्जासाठी मी त्याईची बायको झाली, अन् उद्या ते मले कॉलेजातून न्याले आले, तं कोणत्या तोंडानं नाई म्हणू?"

भगवंतरावांनी कागदांची घडी घातली. "मग भांडावं लागेल, पोरी. हे वर्ष हातचं जाईल."

"जाऊ द्या."

म्हणायला ती म्हणाली. पण प्रवेशाची मुदत संपली, तिची जागा दुसऱ्या कोणाला गेली, त्या दिवशी ती आईजवळ गहू निवडायला बसली आणि निवडलेलेच गहू पुन्हा पुन्हा निवडत राहिली. सुंदराबाईनं सूप काढून घेतलं नाही. ती नुसती शेजारी बसून राहिली.

दिवाळीनंतर अमरावतीला सहकार खात्याच्या लवादापुढे सुनावणी लागली. बँकेनं साक्षीला देवमनलाच बोलावलं होतं. कचेरीच्या ओसरीवर तो ललिताला दिसला. संत्र्यांच्या बगीच्यात राबून तो काळवंडला होता. तिच्याकडे न बघता तो गुरुजींना म्हणाला, "जय भीम, गुरुजी." पूर्वी तो सासऱ्याला मामाजी म्हणायचा.

आत बँकेच्या वकिलांनी विचारलं, "ही तुमची लग्नाची बायको?"

"हो जी."

"फारकत झाली?"

"नाई."

वकील समाधानानं खाली बसले. ललिताला वाटलं, संपलं. मग भगवंतराव उठले.

"देवमन, माहेरी आल्यापासून हिच्या खाण्यापिण्याला तुम्ही काही दिलं?"

"नाई."

"एखादं लुगडं? शाळेची फी?"

"नाई जी." देवमननं मान खाली घातली. भगवंतराव बसायला वळले, तोच तो पुन्हा बोलला. "साहेब, मायनं हिची पुस्तकं जाळली, तवा मी तिथंच बसून होतो. हूं का चूं केलं नाई. आता हे बँकेचे लोक मले म्हणून राहिले, हो म्हण, तुह्या घरात डॉक्टरीण येईन. मी हिले एक दिवस पोसलं नाई. आता आडवा काहून येऊ? ही आपल्या बापाच्याच जिवावर हाय. लिहून घ्या."

लवादाचे साहेब लिहायचे थांबले होते. त्यांनी ते शब्द त्याला पुन्हा म्हणायला लावले आणि लिहून घेतले.

बाहेर नळावर देवमन तोंड धूत होता. ललिता त्याच्यापुढे जाऊन उभी राहिली. इतक्या वर्षांचा राग घेऊन ती आली होती, पण त्याचं ओलं तोंड पाहून तो राग ओसरला. तोच म्हणाला, "फारकत पायजे तुले?"

"पायजे."

"वकील हायेत तुमचे. सांग त्याईले, कागद कराले. मी येईन."

"या," ती म्हणाली. मग थोडं थांबून, "जेवून जा. मायनं भाकरी जास्तीच्या बांधल्या."

तिघं कचेरीच्या कडुनिंबाखाली बसून जेवले. गुरुजींनी आपल्या हातानं देवमनच्या भाकरीवर ठेचा वाढला.

निकाल ललिताच्या बाजूनं लागला: अवलंबून कोण, हे लग्नावरून नाही, पोसतो कोण यावरून ठरवायचं. पुढच्या साली तिनं पुन्हा प्रवेशाचा अर्ज केला. पहिल्या यादीत नाव नव्हतं, दुसरीत आलं. बँकेनं कर्ज दिलं.

नागपूरला वसतिगृहातल्या मुली विचारत, मधलं एक वर्ष कुठं गेलं? "भांडण्यात," ती सांगे आणि पुस्तक उघडून बसे.