दोघे हजर

"हे 'दोघे हजर' म्हणजे कोण कोण?" साहेबांनी पंपघराची नोंदवही मिस्त्रींसमोर आपटली. "नेमणूक तुमची एकट्याची. आणि गेली दोन वर्षं रोज दोघे?"

मिस्त्रींना दरदरून घाम फुटला. आता या बाबाला सांगणार काय, कप्पाळ!

बायको गेली त्या वर्षी मोठ्या पंपाखालच्या ओल्या खळग्यात एक बेडूक येऊन बसला. चांगला मुठीएवढा, तोंड कायम फुगलेलं. मिस्त्रींनी त्याचं नाव ठेवलं रावसाहेब. पंपाच्या नटापाशी थेंबथेंब गळती होती, तेवढ्यावर रावसाहेबांचा संसार चालायचा. गळती काढणं म्हणजे पाच मिनिटांचं काम. पण मिस्त्रींचा हात काही पान्याकडे जाईना. डबा उघडला की ते विचारायचे, "काय रावसाहेब, जेवणार का?" रावसाहेब गळा हलवायचे. घरी तेवढंही करणारं कोणी उरलं नव्हतं. मग एका सकाळी वहीत आपसूक लिहिलं गेलं: पंप चालू, दाब ठीक, दोघे हजर.

"साहेब, दुसरा... बेडूक आहे."

साहेबांना हसता हसता ठसका लागला. मग मात्र ते उगाचच चष्मा पुसत बसले.

"अहो, तुमच्या बेडकापायी वर घोळ झालाय. एका पंपावर दोन माणसं जास्त होतात, म्हणून एकाची बदली काढली त्यांनी. नाव तर यादीत एकच सापडलं." त्यांनी कागद पुढे सरकवला. "सोमवारपासून नव्या टाकीवर."

"आणि इथं कोण?"

"त्यांच्या लेखी दुसरा आहेच की! मी लिहितो वर. तोवर सकाळ-संध्याकाळ कोणीतरी येऊन पंप चालू-बंद करून जाईल."

"म्हणजे परत येता येईल मला?"

"तुमच्या निवृत्तीला राहिले पाच महिने. खोटं कशाला बोलू, मिस्त्री? अवघड आहे. आणि हो, जाण्याआधी ती गळती तेवढी काढा."

शनिवारी मिस्त्रींनी पाना घेतला आणि नट आवळला. थेंब थांबला. खळग्यातून रावसाहेब नुसते बघत राहिले.

"असं बघू नका हो माझ्याकडे," मिस्त्री म्हणाले, आणि त्यांना रडूच आलं. तीस वर्षांत या माणसाने एकही काम मुद्दाम बिघडवलं नव्हतं. त्यांनी नट पुन्हा अर्धा फेरा सैल केला. टप्. टप्.

मग हात पुसून त्यांनी वही ओढली आणि शेवटची नोंद केली: पंप चालू, दाब ठीक, एक हजर.